गुरुवारच्या रद्दीतली एक्केचाळीस पानं

चारुताला मी चक्क दोन महिने विमा एजंट समजत होते! हसू नका. खांद्याला काळी बॅग, हातात मिठाईचा खोका, आणि बाई जाणार कुठे, तर ऐंशीच्या पुढच्या म्हाताऱ्यांकडे. टोकियोच्या कोतो भागातल्या आमच्या बिल्डिंगच्या लिफ्टमध्ये ती पहिल्यांदा बोलायला आली, तेव्हा मी आधीच सांगून टाकलं, "आमची पॉलिसी आहे हं."

पोट धरून हसली कार्टी. "अहो रेखाताई, मी डॉक्युमेंटरी बनवते!"

नवऱ्याच्या बँकेच्या बदलीमुळे आलेली ही. २०११च्या भूकंपात तिच्या ओळखीच्या एका चित्रकाराकडे पाण्याचा पाइप फुटला आणि आयुष्यभराच्या चित्रांचा लगदा झाला. तेव्हापासून हिला वेडच लागलं. गाजलेले मांगा, म्हणजे इथली कॉमिक्स, सगळे जपतात हो; पण साठ-सत्तरच्या दशकात छोट्या मासिकांत मनाला येईल ते काढणारे अवलिये होते, त्यांचं कोण जपणार? म्हणून ही त्यांना कॅमेऱ्यासमोर बसवते आणि एकेका मूळ पानाचे फोटो काढते.

त्यातले एक आमच्या मागच्या गल्लीतले हिरानो-सान. ते वृद्धाश्रमात जाणार होते, म्हणून आवराआवरीला मी पार्टटाइम जायचे. गुरुवारी सकाळी चारुता शूटिंगला आली आणि इकडेतिकडे बघायला लागली.

"ताई, कोपऱ्यातली जुनी वर्तमानपत्रं?"

"आज रद्दीचा दिवस ना! मस्त चौकोनी गठ्ठा केला, दोरीची फुली मारली आणि ठेवून आले कोपऱ्यावर." कचऱ्याच्या वर्गीकरणात माझा नंबर पहिला, तो तोरा होताच.

तिचा चेहरा पांढराफटक. "ताई! पानं सपाट राहावीत म्हणून ते वर्तमानपत्रांत घालून ठेवतात! सगळी चित्रं त्यातच आहेत!"

पळालो हो! ती पुढे, मी मागे, पायात घरातल्या सपाता. कोपऱ्यावर रद्दी नेणारा ट्रक उभा, आणि माणसाच्या हातात माझाच गठ्ठा!

"थांबा! अहो थांबा!" बारा वर्षं जपानी बोलणारी मी त्या घाईत मराठीत ओरडले. मी गठ्ठ्याची दुसरी बाजू घट्ट धरली. तो म्हणतो, बाहेर ठेवलेली रद्दी परत देता येत नाही, नियम आहे. चारुता वाकून वाकून विनवतेय, आणि मी आपली, "चूक माझी आहे, मीच बांधलंय, ही बघा माझी गाठ!" बिचाऱ्याने आम्हा दोघींकडे पाहिलं आणि गठ्ठा सोडला.

हिरानो-सानकडे परत आणून दोरी कापली. एक्केचाळीस पानं, एकही दुमडलेलं नाही! चारुता तर नाचायचीच बाकी होती.

हिरानो-सान निवांत चहा ओतत होते. तिने कॅमेरा लावला, तसं त्यांनी वरचं पान उचललं. पंख्याने वारा घेणारी बाई. "हे ऐन उन्हाळ्यात काढलं. घाम टपकत होता नुसता."

"हिवाळ्यात काढलंत," चारुता म्हणाली.

"चित्र कुणी काढलं? तू की मी?"

"तुम्हीच. पण हिवाळ्यात."

"उन्हाळा!"

तिने पान उलटं केलं. मागे पेन्सिलीने खरडलेलं, त्यांच्याच अक्षरात: 'स्टोव्हचं रॉकेल संपलं. बोटं वळत नाहीत.'

त्यांनी चष्मा लावून वाचलं. पुन्हा वाचलं. "कॅमेरा बंद कर."

"आधी महिना सांगा."

"...जानेवारी."