टिटवीनं अडवलेलं खळं

खळं मी केलं होतं. जमीन भिजवून, चोपून, शेणानं सारवून, चार दिवस कंबर मोडून. मग वाळायला आठ-दहा दिवस तसंच सोडलेलं. मळणी उद्यावर आलेली, ज्वारीच्या कणसांचा ढीग शेजारी पडलेला, आणि सकाळी पाहते तर खळ्याच्या मधोमध टिटवीची चार अंडी! आयत्या बिळावर नागोबा म्हणतात तो असा. तिकडे विलायतेत मोठी लढाई चालू होती तेव्हाची गोष्ट. नेवाशाकडच्या वस्तीवर सून म्हणून येऊन मला दोनच वर्षं झालेली.

"मामंजी, उचलून बांधावर ठिवते," मी म्हणाले.

"हात लावू नगं. जागा हलली की ती अंडी सोडती," सासरे म्हणाले. "पंधरा-वीस दिसांत पिल्लं निघत्याल. थांबू आपुन."

"आन आभाळ थांबंल का?" माझ्या तोंडाचा पट्टा सुरू झाला. वर ढग जमत होते. कणसं भिजली तर वर्षाची भाकरी गेली. टिटवीचं नुसतं ओरडणं अभद्र म्हणतात, आणि तिच्यापायी आम्ही उपाशी मरायचं? मला रडूच कोसळलं.

दुपारी कुणी नाहीसं बघून सूप घेऊन मी गेलेच. जवळ जाताच ती बया डोक्यावर झेपावली. मी ओरडले, तीही ओरडली. मग थोडी लांब जाऊन पंख मोडल्यासारखी लोळायला लागली. मला अंड्यांपासून दूर न्यायचं सोंग! जीव केवढा, आणि हिंमत केवढी. मी रिकामं सूप घेऊन माघारी फिरले.

शेजारच्या शेतातले ख्रिस्ती मास्तर बांधावरून बघत होते. "वहिनी, आमची मळणी उरकली," ते म्हणाले. "खळं मोकळं आहे. आणा कणसं."

दुसऱ्याच्या खळ्यावर रास करायची नाही, हा आमच्या घरचा कायदा. त्यातून ख्रिस्ती घर. सासूबाईंनी अबोला धरला. सासऱ्यांनी मात्र गाडी जुंपली. "लक्ष्मी कुठंबी लक्ष्मीच," म्हणाले.

ज्वारी घरात आली आणि तिसऱ्या दिवशी पावसानं झोडपलं. टिटवी खळ्यावर तशीच भिजत बसून होती. मी दारातून बघत होते, आणि खरं सांगते, तिच्यासाठी देवाला हात जोडले. पुढं पंधरवड्यानं चार पिल्लं ढेकळांतून तुरुतुरु पळताना दिसली.

पुढच्या साली मी दोन खळी सारवली.

"दुसरं कशाला गं?" सासऱ्यांनी विचारलं.

"अवो, मग ती कुठं बसंल?"