परत उतर, राही

बोलपट आले आणि मुंबईतल्या एका मुक्या सिनेमांच्या कंपनीला टाळं लागलं. तिथला आत्माराम हातानं फिरवायचा कॅमेरा पडत्या भावात उचलून रत्नागिरीला परतला. देवादिकांचे चमत्कार त्याला नको होते. त्याला आपलं शहर हवं होतं: मासळीवाल्या, जांभा फोडणारे, मांडवी बंदरावरची माणसं. खुळाच म्हणायचा, पण कामाला वाघ. गर्व मात्र आभाळाएवढा. प्रत्येक खेळाआधी पडद्याशेजारी उभा राहून छाती फुगवून सांगे, "यात कुणाला उभं केलेलं नाही, कुणाला हसवलेलं नाही. जसं आहे तसं!"

साफ खोटं.

आगबोट खोल पाण्यात थांबे आणि उतारू पडावातून, छोट्या होडीतून, धक्क्याला येत. एकदा त्याच्या शेजारची राही माहेराहून, बुरोंडीहून, तशी आली. खाली मान घालून, पदर दातात धरून उतरली. ऊन छान होतं, पण कॅमेऱ्यात चेहरा दिसेना. आत्माराम ओरडला, "परत उतर गो राही! अस्लमचा हात धर नि हस जरा!"

अस्लम पडावावरचा खलाशी. राही लाजली. "दादा, लोकं काय म्हनतील?"

"काय नाय म्हनत. मी हाय ना!"

दादा म्हणाला म्हणून ती पुन्हा चढली, अस्लमचा हात धरून उतरली, आणि खरोखरच गोड हसली.

पुढे तो खेळ मुंबईत, गावकऱ्यांच्या चाळीत झाला. आपलं बंदर बघून गिरणीतले बाप्ये डोळे पुसत होते. मग पडद्यावर राही हसली. कुणीतरी शिट्टी घातली. तिचा नवरा हरिश्चंद्र पुढच्याच रांगेत बसला होता. आत्मारामनं एकच वाक्य बोलायचं होतं, पण तो यंत्र फिरवत राहिला.

हरिश्चंद्र मिळेल त्या आगबोटीनं गावी आला. देवळात गावकी निवाड्याला बसली. अस्लमचा शब्द कोण घेणार? राहीनं आत्मारामचे पाय धरले. "दादा, तुमीच हसायला सांगितलंत. देवाच्या पायरीवर हात ठेवून येकदा सांगा."

सगळे त्याच्याकडे बघू लागले. मुंबईचा एक थेटरवाला त्याचा खेळ घ्यायला तयार झाला होता, तो 'जसं आहे तसं' याच बोलीवर. आत्मारामनं पायरीला हात लावला नाही.

"मी कुनाला काय सांगत नाय," तो म्हणाला. "दिसतं ते टिपतो."

हरिश्चंद्रानं राहीच्या गळ्यातली पोत तिथंच तोडली. ती मणी वेचायला वाकली, तेव्हा त्यानं मण्यांवर पाय ठेवला.

दुसऱ्या दिवशी ती माहेरी जायला धक्क्यावर आली. पडाव हेलकावत होता. अस्लमनं हात पुढे केला नाही. त्याची आता छातीच होत नव्हती. राही एकटीच चढायला गेली, घसरली, तोंडावर आपटली. कपाळातून रक्त आलं. उचलायला कुणी धावलं नाही.

आत्माराम धक्क्यावरच होता. ऊन छान होतं, चेहरा स्वच्छ दिसत होता. त्यानं कॅमेरा फिरवायला घेतला. या वेळी कुणाला काही सांगावं लागलं नाही.