एकशे चाळिसावा

फोन गेटवर आला. मी रोह्याला एका केमिकल कंपनीत फिटर आहे, आणि आमच्याकडे चालू शिफ्टमध्ये गेटवर फोन आला की ती बातमी चांगली नसतेच. हातातला पाना खाली ठेवायचंही सुचलं नाही, तसाच निघालो. पलीकडे प्रकाश होता, वसंताचा मेव्हणा, मुंबईच्या हॉस्पिटलातून. "दिनूभाऊ, भावोजी गेले," एवढंच म्हणाला. मी म्हटलं, अरे, काल तर ऑपरेशन झालं, शुद्धीवर आला म्हणालास ना? तो म्हणाला, "आले होते..." मग मी काय विचारावं? लाज वाटते सांगायला, पण मी विचारलं, "त्याचा गेम कुठाय?" प्रकाशला वाटलं, मला धक्का बसलाय. बसला होताच. पण मला त्या वेळी खरोखरच तेवढंच जाणून घ्यायचं होतं.

वसंता आणि मी पेणच्या शाळेत एका बाकावरचे. मी त्याला वशा म्हणायचो, तो मला दिन्या. मी बारावी करून रोह्याला कंपनीत चिकटलो. तो दहावीला दोनदा आपटला आणि पेणजवळच्या जोहे गावात एका गणपतीच्या कारखान्यात कामाला लागला, तो तिथलाच झाला. मूर्तींना रंगाचा हात देण्यापासून सुरुवात केली आणि आठ-दहा वर्षांत आखणीवर बसला. आखणी म्हणजे मूर्तीचे डोळे. सगळं झाल्यावर, अगदी शेवटी, एक माणूस बारीक ब्रश घेऊन बसतो आणि मातीचा गणपती तुमच्याकडे बघायला लागतो. वशा एकदा बसला की दोन्ही डोळे झाल्याशिवाय उठत नसे. मध्येच कोणी चहा आणला, हाक मारली, तरी नाही. "एका डोल्यावर ठेवून उठलो तर तो रातभर कोनाला बघत बसंल?" असं म्हणायचा. गंमतीत म्हणायचा असं मला वाटे.

त्यांच्या कारखान्यात आणखी एक रीत होती. सीझन संपला, शेवटचा टेंपो गेला, की एक लहानशी मूर्ती सगळ्यात वरच्या फळीवर ठेवायची, बिनडोळ्यांची. रंग पुरा, दागिने पुरे, फक्त आखणी नाही. पुढच्या वर्षीची पहिली मूर्ती डोळ्यांना आली की मग हिचे डोळे करायचे. मालकाच्या बापापासून चालत आलेलं. ती मूर्ती ठेवायची ती आखणीवाल्यानेच. मी एकदा विचारलं, कशाला रे हे? तर वशा म्हणाला, "ज्याचं काम बाकी, त्याला वरचं बोलावनं येत नाय." मी हसलो. मी फिटर माणूस, नटबोल्टवाला, माझा असल्या गोष्टींवर विश्वास नव्हता. नव्हता, असंच म्हणतो अजूनही.

गेम आला तो या वर्षीच्या सुरुवातीला. प्रकाश बोटीवर कुक आहे. त्याने अमेरिकेच्या कुठल्याशा बंदरातून स्वतःला नवं मशीन घेतलं आणि आपलं जुनं बहिणीच्या, म्हणजे वशाच्या, घरी टाकलं. हातात मावणारं, पेन्सिल सेलवर चालणारं, हिरवट पडद्याचं. आत एक पोरगा गावोगाव फिरतो, गवतातून, गुहेतून, पाण्यातून चित्रविचित्र राक्षस पकडतो, त्यांना वाढवतो, झुंजवतो. एक पुस्तक असतं त्याच्याकडे, त्यात पकडलेल्या प्रत्येकाची नोंद. एकूण एकशे चाळीस. सगळं इंग्रजीत. वशाचं इंग्रजी म्हणजे आनंदच, त्यामुळे माझ्या सुटीच्या दिवशी मी रोह्याहून एसटीने यायचं, पेणला त्याच्या ओटीवर बसायचं आणि वाचून दाखवायचं. सुनंदावहिनी म्हणायच्या, "दोन घोडे बसले बघा बाहुल्या खेळायला." होतोच आम्ही घोडे, पस्तिशीचे. पण वशाला त्या राक्षसांचे डोळे आवडले होते. "चार ठिपक्यांत डोला केलाय रे याने," म्हणायचा, "आनि बघतोय कसा बघ."

होळीच्या सुमाराला त्याने शेवटच्या पहिलवानाला हरवलं. फटाके उडाले, नावं आली, पडदा काळा झाला. मला वाटलं, सुटलो. पण मशीन पुन्हा चालू केलं तर पोरगा आपल्या गावात, आपल्या घरात उभा! गोष्ट संपली तरी खेळ संपत नव्हता, आणि वशाचा खरा खेळ सुरू झाला तो तिथून पुढे. आधी बंद असलेली एक गुहा आता उघडली होती, तिच्या तळाशी सगळ्यात दांडगा राक्षस. त्याला पकडायला वशाने आठ दिवस घेतले. मग प्रत्येक तळ्यात गळ टाकून बसला. मग पहिल्या दिवशी पकडलेली, कोपऱ्यात पडलेली चिल्लीपिल्ली एकेक करून वाढवली. मग त्याच शेवटच्या पहिलवानाला पुन्हा पुन्हा हरवलं, इतकं की मला त्याची दया यायला लागली. आणि हे सगळं झालं की गावात फिरायचा, घरोघर जायचा. तिथली माणसं तीच वाक्यं बोलत. दुकानदार तेच, म्हातारा तेच, त्या पोराची आईसुद्धा तेच. एकदा मी वाचून दाखवून कंटाळलो तेव्हा वशा म्हणाला, "दिन्या, आपलं सगलं करून झालं नि मानूस तरी पन हितंच ऱ्हायला, तर असंच व्हत असंल काय? सगली आपली तीच तीच बोलतायत, आनि आपल्याला कोन इचारीत नाय..." भर दुपार होती, वहिनी आत कुरडया घालत होत्या, आणि माझ्या अंगावर काटा आला. मी चिडून म्हटलं, गप रे, सेल संपव उगाच.

दोन गोष्टींना तो जपायचा. मशीन चालू केलं की पहिल्या पानावर 'नवा गेम' असा पर्याय यायचा. माझं बोट चुकून तिकडे गेलं की ओरडायचा. कारण त्यात जागा एकाच माणसाची. नवा सुरू करून साठवला की जुना पुसला गेला, सगळे राक्षस, सगळं पुस्तक, सगळं. आणि दुसरी गोष्ट म्हणजे शेवटची नोंद. एकशे एकोणचाळीस झाले होते. एकशे चाळिसावा त्या गेममध्ये नव्हताच. तो दुसऱ्या मशीनमधून वायर जोडून घ्यावा लागे. मी म्हटलं, प्रकाश सुटीवर आला की घेऊ. वशा म्हणाला, "ऱ्हाऊ दे. एक बाकी बरा."

पावसाळ्यात, ऐन सीझनला, वशाला दम लागायला लागला. फळीपर्यंत चालला तरी भिंतीला टेकायचा. पेणच्या डॉक्टरांनी सांगितलं, हृदयाचा व्हॉल्व्ह गेलाय, मुंबईला जाऊन बदलून घ्या, उशीर करू नका. व्हॉल्व्ह म्हटल्यावर मला कंठ फुटला. अरे, माझं आयुष्य त्यातच गेलंय! गळायला लागला की बदलायचा, त्यात विचार कसला करायचा? लाइन बंद करा, जुना काढा, नवा बसवा, लाइन चालू करा. मी त्याला अस्संच सांगायचो, पाना फिरवल्यासारखा हात करून. तो ऐकून घ्यायचा. आधी म्हणाला, गणपती होऊ दे. गणपती झाले. मग म्हणाला, दसरा. दसरा झाला. वहिनी रडायच्या, मला म्हणायच्या, भाऊ, तुमचंच ऐकतील. मग एके दिवशी मी ओटीवर तमाशा केला. नाही नाही ते बोललो. तो शांतपणे म्हणाला, "पुस्तक भरू दे माजं. भरलं की दुसऱ्या दिशी जातो. आईशप्पत."

ती पळवाट होती हे मला कळत होतं. पण मीही काही कमी नाही. प्रकाश नुकताच सुटीवर आला होता. पुढच्या सुटीला मी वडखळला उतरून त्याच्या घरी गेलो, त्याचं मशीन आणि ती वायर पिशवीत घातली आणि पेणला येऊन वशाच्या पुढ्यात ठेवली. म्हटलं, घे तुझा एकशे चाळिसावा. त्याने वायर उचलून दोन्ही टोकं बघितली. मग म्हणाला, "तू लै वंगाल मानूस हायस दिन्या." पण जोडली त्याने. त्याच्याकडून एक फडतूस मासा गेला आणि या बाजूला तो राक्षस आला, गोल, बिनतोंडाचा, नुसते दोन डोळे. मशीनमधून एक बारीक वाजंत्री वाजली. पुस्तक भरलं. मी हसलो, टाळी मागितली. त्याने हात दिला, तो गार होता. मला वाटलं, आजारपणाचा असेल. वहिनींनी देवापुढे साखर ठेवली आणि माझ्या पाया पडायला आल्या, आणि मी त्यांना पडूही दिलं... कसली ती ऐट माझी!

दिल्या शब्दाप्रमाणे तो गेला. मला शिफ्ट बदलून मिळाली नाही, म्हणून मी मुंबईला जाऊ शकलो नाही. निघताना पेणच्या स्टँडवर भेटलो तीच शेवटची भेट. दाढी केलेली, इस्त्रीचा शर्ट, काखेत पत्र्याचा चपटा डबा. बिस्किटांचा तो डबा त्याचा ब्रशांचा, त्यातच गेम. गाडीत चढता चढता म्हणाला, "तुझं ते केमिकलचं, इषाचं काम हाय रे. सांभालून ऱ्हा." मी म्हटलं, माझी काळजी करू नको, तुझा व्हॉल्व्ह बदलून ये. तो हसला. माझ्याकडून त्याने ऐकलेलं शेवटचं वाक्य ते.

दहाव्याला कारखान्याचे मालक आले होते. घाटावर सगळे कावळ्याची वाट बघत बसलेले असताना ते माझ्याजवळ सरकले आणि हळूच म्हणाले, "तुला बोलला व्हता काय, फली यंदा रिकामी हाय त्ये?" मला काहीच माहीत नव्हतं. गणेशचतुर्थीच्या सकाळी एक म्हातारा-म्हातारी कारखान्यात आले होते. त्यांची मूर्ती वडखळच्या पुढे खड्ड्यात गाडी आदळून भंगली होती. दुसरी एकही मूर्ती शिल्लक नव्हती. म्हातारी उंबऱ्यातच बसून रडायला लागली. वशाने फळीवरची ती बिनडोळ्यांची काढली, तिथंच मांडी घालून डोळे केले, दोन्ही, आणि तिच्या हातात दिली. मालक नको नको म्हणत होते. तो म्हणाला, "असू दे. माजं दुसरं एक काम बाकी हाय."

ते दुसरं काम कुठलं, हे त्या घाटावर फक्त मला ठाऊक होतं. आणि ते मी पुरं करून दिलं होतं, वायर जोडून, टाळी मागून. डॉक्टर म्हणतात, ऑपरेशन केलं नसतं तर सहा महिनेही काढले नसते त्याने. माझी बायको रोज तेच सांगते. मलाही ते पटतं. दिवसा पटतं, कामावर असताना पटतं. पण लाइन बंद करून एखादा व्हॉल्व्ह बदलायला घेतो तेव्हा आता माझा हात थांबतो. असा कधी थांबत नव्हता.

चौदाव्यानंतर वहिनींनी तो डबा माझ्या हातात दिला. "घेऊन जा भाऊ. माज्याच्यानं बगवत नाय." म्हणाल्या, ऑपरेशनच्या आदल्या दिवशी दुपारभर तो त्यातच डोकं घालून बसला होता. त्यांनी विचारलं, संपलाय ना तुमचा गेम, मग काय करताय? तर म्हणाला, "नव्या कामाव लावतोय एकाला." त्यांना काही कळलं नाही. मलाही नाही.

तीन आठवडे मी डबा उघडला नाही. आमच्या कंपनीत सध्या एकच विषय, दोन हजार साल लागताच कंप्युटर बंद पडणार, मीटर उलटे फिरणार, काय काय. प्रत्येक पॅनेलवर चिठ्ठ्या चिकटवल्यात. ते ऐकून एका दुपारी वाटलं, त्या मशीनमधलंही सगळं पुसलं गेलं तर? निदान एकदा त्याचं भरलेलं पुस्तक बघून घ्यावं. ब्रश बाजूला केले, नवे सेल घातले, चालू केलं.

पुस्तक कोरं होतं. एक नोंद नाही. गुहेतला तो दांडगा नाही, ती वाढवलेली चिल्लीपिल्ली नाहीत. पोरगा आपल्या घरात, वरच्या खोलीत, पलंगाशेजारी उभा होता. गोष्ट सुरूसुद्धा झालेली नव्हती. वशाने 'नवा गेम' दाबला होता. ज्यावर माझं बोट गेलं तरी ओरडायचा, तो. माझ्या मनात पहिल्यांदा आलं, बरं केलंस गड्या, बाकी ठेवलंस काहीतरी, मग तरी का... आणि मग मी वर कोपऱ्यात पोराचं नाव वाचलं. जुन्या गेममध्ये तिथे वशा होतं. आता तिथे दिन्या आहे.

एकाच माणसाची जागा होती त्यात. उद्या आपली छाती उघडणार हे ठाऊक असताना, भिऊन भिऊन चार महिने लांबवलेल्या त्या दिवसाच्या आदल्या दुपारी, त्याने ती मला दिली. मी त्याचं संपवलं आणि त्याने माझं सुरू करून ठेवलं. मी डबा मांडीवर घेऊन ओक्साबोक्शी रडलो. बायको धावत आली.

तो डबा आता शिफ्टच्या पिशवीत असतो, जेवणाच्या डब्याखाली. जेवणाच्या सुटीत मी मशीन चालू करतो. पोराला जिना उतरवून खाली आणतो, त्याची आई तिचं ते एक वाक्य बोलते, ते मी वाचतो, मोठ्याने, जसं वशाला वाचून दाखवायचो तसं. मग त्याला पुन्हा वर नेतो, पलंगाशेजारी उभा करतो आणि बंद करतो. दाराबाहेर अजून पाऊल टाकलेलं नाही. एकशे चाळीस बाकी आहेत.