मास्तरांच्या वहीतलं कमळ

दामू मास्तर गेल्याचं मला जरीपटक्याच्या बाजारात कळलं आणि पहिला विचार आला तो त्यांच्या वहीचा. आता ती कोणाच्या हाती पडणार? दुःख मागाहून आलं. माझा स्वभावच संशयी. त्यापायी बायकोची बोलणी मी जन्मभर खाल्ली आहेत.

मास्तर नागपूरच्या एका शाळेत चित्रकला शिकवायचे, मी कचेरीत कारकून. पासष्ट-सहासष्टच्या सुमारास मीच त्यांना कन्हान नदीपलीकडच्या आमच्या गावी नेलं. सगळं गाव नहराच्या पाण्यावर धान पिकवणारं. हंगामाचं पहिलं पाणी सुटायच्या सकाळी प्रत्येक घरची बाई आपल्या मोरीवर, म्हणजे नहरातून शेतात पाणी घ्यायच्या तोंडावर, गेरूनं घराची खूण काढायची. खूण सासूकडून सुनेकडे यायची. कागदावर कुठेच नव्हती. मास्तर वेडेच झाले. पाणी चढलं की खूण धुतली जायची, म्हणून ते दर रविवारी एसटीनं येऊन बायांना अंगणात काढून दाखवायला सांगू लागले.

अशात मला कळलं की मास्तरांचा सख्खा भाऊ नहर खात्यात आहे. झालं! गावातल्या निम्म्या मोऱ्या चोरून फोडलेल्या, आणि कुठली कोणाची हे त्या खुणांवरून पोरानंही सांगितलं असतं. मी आईला बाजूला घेतलं.

"माय, मास्तरले खरी खूण दाखवू नको."

"काहून गा? भला माणूस दिसते."

"त्याचा भाऊ नहर खात्यात आहे. सगळ्याईले सांगून ठेव."

आईनं कमळ काढून दिलं. शेजारणींनी मोर, मासा, कलश... मास्तर ती खोटी चित्रं इतक्या निगुतीनं उतरवत की मला त्याचाही संशय यायचा. एकदा त्यांनी विचारलं, "तुमच्या वावराच्या मोरीवर तं कमळ दिसत नाही कुठं?" मी म्हटलं, "जुनं आहे." त्यांनी माझ्याकडे जरा जास्तच वेळ पाहिलं.

वर्षं गेली. ना नोटीस आली, ना साहेब. मी चुकलो होतो, पण सांगायची हिंमत झाली नाही. पुढे मोऱ्यांना सिमेंट लागलं, खुणा बंद पडल्या, जुन्या बाया एकेक करून गेल्या, आईही गेली. गेल्या साली पुतण्याच्या लग्नात पोरींनी मास्तरांची वही मागून आणली आणि दारावर कमळ काढलं, नवरीच्या आजेसासूची खूण म्हणून. मी अक्षता हातात घेऊन ते पाहत उभा होतो.

तेरवीनंतर मास्तरांच्या बायकोनं, वहिनींनी, वही माझ्या हातात दिली. "भाऊजी, तुमच्या गावचं आहे, तुमच्यापाशीच राहू द्या म्हणत होते." मग मात्र राहवलं नाही, मी सगळं सांगून टाकलं. त्या एवढंच म्हणाल्या, "दर रविवारी जात होते हो ते..."

मला लाज वाटते. महिना झाला, वही माझ्या टेबलावर आहे. परवा कमळाशेजारी पेन्सिलीनं आमची खरी खूण काढायला बसलो. तीन उभ्या रेघा आठवल्या. वर टिंबं होती... चार की पाच, ते काही केल्या आठवेना. चार काढली, खोडली, पाच काढली. सांगणारं आता कोणीच नाही.