मोठ्याने बोलणारी वस्ती

माझ्या मुलाला ऐकू येत नाही, ही गोष्ट काही केल्या डोक्यातून जात नाही. ठार बहिरा नाही झालेला, पण होत चाललाय. आणि तो रोज सकाळी एकटा बोगद्यातून चालत जातो.

तो रेल्वेत चावीवाला आहे. रूळ जागच्या जागी धरून ठेवणाऱ्या लोखंडी चाव्या गाडीच्या हादऱ्याने सैल होतात. खांद्यावर हातोडा टाकून आपल्या हद्दीतला सगळा मार्ग चालायचा आणि एकेक चावी ठोकत जायचं, हे त्याचं काम. घट्ट चावी खणकन वाजते, सैल असेल तर बद्द. हा फरक त्याला इतका पक्का कळायचा की टोळीतले लोक त्याला कानसेन म्हणतात. अजूनही म्हणतात, त्यामुळे कुणाला शंका येत नाही.

शंका न येण्याचं दुसरं कारण आमची वस्ती. हा मार्ग एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीला एका खासगी कंपनीने घातला, डोंगरातल्या खाणींतलं खनिज बंदरापर्यंत न्यायला. मध्ये काळा खडक आडवा आला. वळसा घालून तो टाळता आला असता, पण वळसा महाग होता आणि माणसं स्वस्त. सुरुंग लावून बोगदा फोडला. वात पेटवणारा आडोशाला पोचायच्या आतच कितीदा बार उडायचा. जे मेले ते तिथेच भरावात गेले. जे वाचले त्यांचे कान गेले, आणि ते पुन्हा कामाला लागले. त्यांच्या झोपड्यांची पुढे ही वस्ती झाली. बहिऱ्या नवऱ्यांशी बायका ओरडून बोलायच्या, ते ऐकतच मुलं बोलायला शिकली, मग त्यांची मुलं. कंपनी बुडाली, मार्ग सरकारकडे गेला, खाणी बंद पडल्या. ओरडणं तेवढं राहिलं.

मी लग्न होऊन आले तेव्हा सासूबाईंनी नुसतं मीठ मागितलं आणि मला रडू फुटलं. वाटलं, आल्या आल्या काय चुकलं माझं? सून कॉलेज शिकलेली, पण आवाज असा बारीक, म्हणून माझं नाव मिणमिणी पडलं.

माझं मिणमिणणं फक्त मुलाला ऐकू यायचं. तो गल्लीच्या टोकाला खेळत असला तरी मी दारातून हळू हाक मारली की धावत यायचा. शेजारीण म्हणायची, ‘पोर आहे का वटवाघूळ?’

त्याचे वडीलही चावीवालेच. बोगद्याच्या तोंडाशी, दाट धुक्यात, मागून आलेल्या मालगाडीखाली ते गेले. ड्रायव्हर शेवटपर्यंत भोंगा वाजवत होता, हे वस्तीत घराघरात ऐकू आलं होतं. मीही ऐकलं होतं, भाकरी थापताना. चौकशी झाली आणि ‘बेपर्वाई’ असा शेरा पडला. त्यांच्या जागी मुलाला घेतलं. मीही इतकी वर्षं मनात धरून होते की त्यांचं लक्ष कुठेतरी भरकटलं असणार.

परवा मुलगा उंबऱ्यात बसून बुटाची नाडी बांधत होता. मागून म्हटलं, दूध बघ रे. तो नाडी बांधतच राहिला. पुन्हा म्हटलं. दूध उतू गेलं, करपल्याचा वास आला तेव्हा कुठे धावला आणि वर मलाच बोलला, तू बोलतेसच अशी तोंडातल्या तोंडात. त्या गडबडीत डबा विसरून गेला.

डबा घेऊन मी रुळांवर गेले. लांबूनच दिसला. एक चावी ठोकली, वाकला, लगेच तिच्यावर तळहात टेकवला आणि थांबला. मग पुढची. पूर्वी तो कधी वाकत नसे. ठोकत, ऐकत, चालत राहायचा. मी हाका मारत अगदी पाठीशी जाऊन उभी राहिले तरी त्याला पत्ता नाही. खांद्याला हात लावला तेव्हा असा दचकला की हातोडा पडला.

मी विचारलं, ‘कधीपासून?’

तो माझ्या ओठांकडे बघत होता. डोळ्यांकडे नाही.

‘ओरडू नकोस,’ तो म्हणाला. मी ओरडले नव्हते. ‘साहेबांना कळलं तर घरी बसवतील. मग खायचं काय, कानाचे पडदे?’

मी म्हटलं, अरे, गाडी आली तर?

‘पायाला कळते. रूळ थरथरतो.’

‘आणि बोगद्यात?’

त्याने हातोडा उचलला, डबा घेतला. बोगद्यात भिंतीला धरून चालतो, म्हणाला. मग माझी समजूत घालायला हसून म्हणाला, ‘अगं, जमतं. बाबांनीच शिकवलंय हाताने ऐकायला.’

त्याला वाटलं, त्याने मला धीर दिला. तो पुढच्या चावीकडे गेलाही. मला मात्र त्याचा चावीवर टेकलेला तळहात दिसत राहिला. ज्याचे कान धड आहेत तो हाताने ऐकायला कशाला शिकेल? भोंगा वाजत होता, सगळ्या वस्तीने ऐकला. ज्याच्यासाठी वाजत होता त्यालाच तेवढा ऐकू आला नाही. लक्ष कुठेही गेलेलं नव्हतं त्यांचं. चाव्यांवरच होतं.

घरी आल्यावर मुलाने माझा हात धरून सांगितलं, कुणाजवळ बोलू नकोस. मी मान हलवली. तेवढं त्याला दिसलं.

काल संध्याकाळपासून धुकं उतरलंय. खिडकीतून समोरचा दिवासुद्धा दिसत नाही. तो आतल्या खोलीत झोपलाय, गजराचं घड्याळ उशीखाली, गालाला थरथर जाणवेल असं. मालगाडीची वेळ ठरलेली नसते, हे त्याच्याइतकंच मलाही माहीत आहे. हातोडे वाटण्याआधी टोळीचे मुकादम घरीच असतात. उजाडायच्या आत त्यांना फोन करीन आणि सांगेन, याला आज रुळांवर पाठवू नका, आधी याचे कान तपासा. दुसरं काम देतील की घरी बसवतील, माहीत नाही. मुलगा माझ्याशी बोलणं टाकील, हे मात्र नक्की.

मुकादमही याच वस्तीतले, त्यांच्याशी मोठ्यानेच बोलावं लागेल. फोन करताना आतल्या खोलीचं दार लावून घ्यावं, असं आधी मनात आलं होतं. त्याची गरज नाही.