बापाचं नाव विचारणारा वॉचमन

कुवेतमधे अब्बासियाहून शर्कला जाणाऱ्या आमच्या कंपनीच्या बसमधे माझ्या तोडीचा बोलणारा कुणी नाही. म्हंजे तो नायजेरियाचा वॉचमन चढेपर्यंत नव्हता.

तो तिकडच्या योरुबा जमातीचा. तिकडं रेडिओवर तोंडपाठ कवनं गायचा, स्वतःच्या नि दुसऱ्या गाणाऱ्यांच्या रेकॉर्डी काढायचा. बसमधे तो एकेकाला बापाचं नाव, गाव, धंदा विचारायचा. मग डोळे मिटून, पुढच्या सीटच्या दांडीवर दोन बोटं वाजवत त्या बापाची थोरवी गायचा आणि मोडक्या हिंदीत अर्थ सांगायचा. आमच्या बसमधल्या परबकाकांचे वडील होडी वल्हवायचे. त्यांच्यावरचं ऐकून काका ढसाढसा रडले. मी तीन वर्षं बस हसवतोय, पण माझ्यामुळं कुणाचा रुमालसुद्धा बाहेर निघाला नव्हता. नुसता जळफळाट झाला माझा.

शेवटी मीच त्याच्या शेजारी जाऊन बसलो. म्हटलं, "मेरा भी गाओ."

"बाप क्या करता था?"

"सोता था!"

सगळी बस हसली. मी खूश.

तो हसला नाही. बोटं दांडीवर तशीच धरून त्यानं परत विचारलं, "बाप क्या करता था?"

"उठके खाता था!"

मागून परबकाका ओरडले, "गप रे! तो परका असून तुझ्या बापाला मोठा करायला बसलाय, आणि तू लेक असून त्याचं हसं करतोस?"