चंद्राच्या बाह्या

माझं अक्षर चांगलं नाही आणि ऱ्हस्व-दीर्घ चुकतात, त्याबद्दल आधीच माफी मागते. हे कोणी वाचणार नाही, तरी मागते. सवयच आहे. चौथीनंतर शाळा सुटली आणि मग हातात पेन आलं ते मापं लिहायलाच: छाती, कंबर, बाही, उंची. त्यामुळे माझ्या ओळी तुटक येतात. मुलीच्या जुन्या वहीची मागची पानं कोरी होती, त्यांवर लिहिते आहे. दुपारी वारज्याच्या आमच्या खोलीत ऊन फरशीवरून सरकत शिलाई मशीनच्या पायाशी येतं. तेव्हा हातातलं काम थांबतं आणि काहीबाही आठवतं. आज ती चंद्राची गोष्ट आठवते आहे.

आम्ही भंडाऱ्याकडचे. आमच्या मालकांच्या, म्हणजे मुलीच्या बाबांच्या, नोकरीपायी पुण्यात आलो. ते खराडीत एका ऑफिसच्या गेटवर सिक्युरिटीला आहेत. मी कसबा पेठेतल्या एका दुकानासाठी शिवते. शाळांच्या गॅदरिंगचे कपडे तिथे भाड्याने मिळतात आणि नवे शिवूनही मिळतात. परी, वाघ, मावळे, फुलपाखरं, सगळी एकाच दांडीवर शेजारी शेजारी लटकलेली असतात. दुपारी गल्लीतून वारा आला की ती सगळी एकदम हलतात, जणू कोणी त्यांना हाक मारली. दुकानाचे मालक म्हातारे मुसलमान गृहस्थ, जन्म कसब्यातलाच. सगळे त्यांना चाचा म्हणतात. काउंटरमागे त्यांनी पाटी लावली आहे: ‘घाई असल्यास काल यावे.’

मुलगी माझ्या आईवर गेली आहे. चिंचोका पाण्यात भिजवला की जसा दिसतो, तसा तिचा रंग. लहान असताना आंघोळ घातली की मी तिच्या पाठीकडे बघत राहायची. पाणी तिथे थांबून थांबून खाली यायचं, त्यालाही जायची घाई नसल्यासारखं.

गरिबांसाठीच्या राखीव जागांच्या लॉटरीत तिचा नंबर लागला आणि पहिलीपासून ती एका मोठ्या खासगी शाळेत जाऊ लागली. त्या शाळेला भिंतींपेक्षा काचा जास्त आहेत. थंडीत सकाळी धुकं असलं की सगळी इमारत पाण्यावर उभी आहे असं वाटतं. गेटच्या आत पाऊल टाकताना अजूनही माझा हात चप्पल काढायला खाली जातो. मुलगी म्हणते, “आई, देऊळ नाहीये ते.” मला माहीत आहे. पण हात ऐकत नाही.

ती सातवीत होती तेव्हाची ही गोष्ट. गॅदरिंगमध्ये त्यांचा एक नाच होता. तळं, कमळं, काजवे आणि शेवटी पाण्यातून वर येणारा चंद्र. नाचाच्या मिसनी चंद्र म्हणून आमच्या मुलीला निवडलं. त्या दिवशी ती घरात चाललीच नाही, नुसती तरंगत होती. भाकरी वाढताना मला म्हणाली, “चंद्राला पाय नसतात, आई. मिसनी सांगितलंय, स्टेजवर माझे पाय दिसताच कामा नयेत.”

“मग जेवताना तरी मांडी घाल,” मी म्हटलं.

पुढच्या आठवड्यात तिच्या डब्याच्या पिशवीत एक पुडी सापडली. गोरं करणाऱ्या क्रीमची, वाण्याकडे माळेने लटकलेली असते तसली. मला वाटलं तिनेच घेतली. विचारलं तर म्हणाली, “माझी नाही.” दोन दिवसांनी अजून एक, कंपासपेटीत. मग स्वेटरच्या खिशात. कोण ठेवतंय ते तिला माहीत नव्हतं. वर्गात काही मुली तिला काय काय म्हणत, ते मला अधूनमधून कळायचं. पण ते तोंडावर असे. हे गुपचूप होतं, आणि गुपचूप गोष्टीची भीती जास्त वाटते. शाळा सुटायच्या वेळी मी गेटवर उभी राहून एकेका मुलीचं तोंड बघायची. सगळ्यांची तोंडं सारखीच, दमलेली आणि गोड.

“तू डिटेक्टिव्ह होऊ नकोस गं,” मुलगी म्हणाली. “तू बघायला लागलीस की तूच चोर वाटतेस.”

मग त्या नाचाची ऑर्डर आमच्याच दुकानात आली. पुण्यात अशी दुकानं मोजकीच, त्यात नवल नाही. पण मला ते स्वप्नातल्यासारखं वाटलं होतं. ज्या दिवशी मिस आणि पालकांच्या कमिटीतल्या दोघीजणी आल्या, त्या दिवशी मी कपडे चढवायच्या पुतळ्याच्या पायाशी बसून एका घागऱ्याचा घेर दुमडत होते. तोंडात टाचण्या होत्या. मी कोणाची आई, ते त्यांना माहीत नव्हतं, चाचांनाही नव्हतं. मी कामाच्या ठिकाणी घरचं बोलत नाही. खरं तर कुठेच फारसं बोलत नाही.

काजव्यांचं, कमळांचं ठरलं. मग चंद्राकडे आल्या.

“मिस, मुलगी छान नाचते, मान्य आहे,” एक बाई म्हणाल्या. “पण आपल्याला चंद्र हवाय ना? ग्रहण नको.”

दुसऱ्या हसल्या. “ए, असं नको ना बोलूस,” असं म्हणत म्हणतच हसल्या.

मिस बारीक आवाजात म्हणाल्या, “तिच्यासारखं कोणी करत नाही पण.”

“करू दे की. फक्त झाका तिला. गळ्यापर्यंत, मनगटापर्यंत स्किन लावा. चेहऱ्याला व्हाइट बेस असेलच. लांबून काय कळतंय?”

स्किन म्हणजे आमच्या धंद्यात एक बारीक, ताणलं जाणारं जाळीचं कापड. उघडे हात-गळा दाखवायचे असले की ते लावतात, म्हणजे अंग दिसल्यासारखं वाटतं आणि दिसत नाही. ते एकाच रंगात येतं, पिकलेल्या पेरूच्या सालीसारखं फिकट. इतकी वर्षं मी ते लावत आले होते. ते कोणाच्या अंगाचं, असा प्रश्न मला कधी पडला नव्हता.

मी घेर दुमडत राहिले. तोंडात टाचण्या असल्या की कोणी बोलायची अपेक्षा करत नाही, आणि खरं सांगायचं तर मला ते नेहमी बरं वाटत आलं आहे. त्या दिवशी पहिल्यांदा वाटलं, त्या काढाव्यात. पण मिस आणि त्या बाई निघून गेल्या तरी माझ्या तोंडात टाचण्या तशाच होत्या.

चाचा म्हणाले, “चंद्र तुम्ही शिवा. काजवे-कमळं कोणीही शिवेल.” चंद्राचं कापड महाग होतं, वर चंदेरी टिकली हाताने लावायची होती. कमिटीने दिलेल्या आगाऊ पैशांतून त्यांनी माझी मजुरी आधीच देऊन टाकली. मी ती मशीनला मोटर बसवण्यात घातली.

घरी मुलगी उड्या मारत आली. “आई, मिस म्हणाल्या, मला फुल बाह्यांचा ड्रेस देणारेत, मग कोणी काही म्हणणार नाही. म्हणजे चंद्र मीच!” ती खरंच खूश होती. तेच मला जास्त लागलं. तो ड्रेस मी शिवणार आहे, हे तेव्हाच तिला सांगितलं. तिने मला मिठी मारली.

रविवारी दुपारी पहिली ट्रायल घेतली. पांढरा झगा, त्यावर टिकल्या, आणि गळ्यापासून मनगटापर्यंत ते फिकट कापड. ती आरशासमोर उभी राहिली. एक हात वर केला, नाचातला. मग दुसरा. बराच वेळ तिने ते नुसते हलवून बघितले.

“काय गं? काखेत घट्ट होतंय?”

“नाही. हात माझं ऐकतायत,” ती म्हणाली, “पण माझे वाटत नाहीत.” मग झगा काढता काढता म्हणाली, “चालेल. लांबून काय कळतंय.”

हे वाक्य तिच्यापर्यंत कसं पोचलं कोण जाणे. ती जेवून झोपली, आणि मी गळा आणि बाह्या उसवायला घेतल्या.

पातेल्यात चहाची पावडर उकळली. जाळीचा एक तुकडा बुडवला, तो वाळक्या पानासारखा झाला. थोडा कात टाकला, तर पान खाल्ल्यासारखा लाल. मग माळ्यावरच्या डब्यातला एक गंजलेला खिळा टाकला. आमच्या गावी कापडाचा रंग गडद करायला आजी असंच करायची. पाण्याचा रंग हळूहळू खोल होत गेला. प्रत्येक तुकडा मी पिळायची, वाळवायची आणि झोपलेल्या मुलीच्या हातावर ठेवून बघायची. खिडकीतलं ऊन तिच्या मनगटावर होतं. एक तुकडा पिवळा, एक तांबूस, एक फारच मातकट. ती झोपेत कूस बदलायची आणि तुकडा पडायचा. शेवटी एक तुकडा ठेवला आणि मला तो दिसेचना. हात लावून शोधावा लागला.

ती उठली तेव्हा दोरीवर गळा आणि दोन बाह्या वाळत होत्या. जवळ जाऊन तिने आपला हात त्यांच्याशेजारी धरला.

“नाचातून काढून टाकतील मला, आई.”

“कधी काढतील? ऐन वेळी झगा नेऊन दिला तर?”

तिने माझ्याकडे वळून पाहिलं. “तू? तू असं करशील?”

“तुला नको असेल तर दुसरं फिकट कापड आहे घरात. आत्ता लावून देते,” मी म्हटलं. “तू सांग.”

तिने एका ओल्या बाहीवरून बोट फिरवलं. बाह्या वाऱ्याने हलत होत्या. मग म्हणाली, “फिकट नको.”

गॅदरिंगच्या दिवशी काजवे आणि कमळं सकाळी पोचली. चंद्र मी स्वतः घेऊन गेले, आणि पहिली घंटा झाली तेव्हा मेकअपच्या खोलीत शिरले. कोणी काही विचारायच्या आत मुलीला पडद्यामागे नेऊन झगा चढवला. ती बाहेर आली, समोरच मिस होत्या. मेकअपवाली पांढऱ्या रंगाचा स्पंज घेऊन उभी होती.

“हिला किती लावू?”

मिसनी मुलीचे हात पाहिले, तोंड पाहिलं. बाहेर आमच्या नाचाचं नाव पुकारलं गेलं.

“नको लावू,” मिस म्हणाल्या. “फक्त काजळ घाल.” मग माझ्याकडे बघून, “आपण हिच्या आई का?”

“हो,” मी म्हटलं. तोंडात टाचण्या नव्हत्या.

तेवढ्यात मुलीची मैत्रीण, तिच्याच बाकावर बसणारी, काजव्याच्या कपड्यांत धावत आली. बाह्यांना हात लावून म्हणाली, “अगं, किती सेम आहे! मग माझ्या पुड्यांची गरजच नव्हती.” आणि लगेच ओठ चावला. “माझी मम्मी लावते ना ते क्रीम. मला वाटलं, तू लावलंस तर तुला काढणार नाहीत.”

मला राग यायला हवा होता. पण तिच्या डोक्यावर तारेचे दोन दिवे हलत होते, आणि ती रडायच्या बेतात होती. मुलगी म्हणाली, “वेडी आहेस तू. विचारायचं ना मला.” मग दोघी गेल्या.

मी पडद्याच्या कडेला उभी राहून पाहिलं. स्टेजवर निळा उजेड होता. कमळं मिटली, काजवे खाली बसले, आणि पाण्याच्या कापडातून आधी दोन हात वर आले. गडद, ओले वाटणारे हात. मग तोंड. पाय कुठेच दिसत नव्हते. मला वाटलं, गावच्या तळ्यावर आईचा हात धरून मी उभी आहे, आणि पलीकडून कोणीतरी येतं आहे. टाळ्या कधी झाल्या ते कळलं नाही.

दोन दिवसांनी कमिटीतल्या त्या पहिल्या बाई झगा घेऊन दुकानात आल्या. आम्ही सांगितलेला रंग हा नव्हता, म्हणाल्या. चाचांनी झगा हातात घेतला, बाह्या उलटसुलट केल्या.

“बाई, कोणाच्या अंगाचा रंग हवा ते कागदावर लिहून दिलं नव्हतं. आम्हाला वाटलं, घालणाऱ्याच्या.”

बाई चंद्राच्या झग्याचे पैसे परत घेऊन गेल्या आणि पुढच्या वर्षीची ऑर्डर दुसरीकडे गेली. बाईंचा तो ‘ग्रहण’ शब्द वर्गातही पोचला होता; ते नाव काही दिवस चाललं, मग विरलं. सगळंच विरलं असं नाही. मुलगी कधी कधी शाळेतून गप्प येते, आणि मी विचारत नाही, जवळ बसून हातशिलाई करते.

बाई पैसे घेऊन गेल्या त्याच दिवशी चाचांना मी खरं सांगितलं, चंद्र म्हणजे माझीच मुलगी. ते म्हणाले, “मग आधी बोलायला काय झालं होतं?” मी म्हटलं, झग्याचे पैसे मी भरेन, कापडाचे आणि मजुरीचेही. ते नको म्हणाले नाहीत. माझ्यासारखीला ‘नको’ म्हटलं की तिची मान खाली जाते, हे त्यांना कळत असावं. “जमेल तसे द्या. घाई असल्यास काल या,” एवढंच म्हणाले.

मग ब्लाउज, फॉल-पिको, शेजारच्या सोसायटीतले पडदे, असं वरचं काम घेत पैसे फेडत गेले. झगा दुकानाच्या दांडीवर वाघाशेजारी लटकलेला असायचा. भाड्याने मागितला तरी चाचा देत नसत. मागच्या शनिवारी मी शेवटचे पैसे काउंटरवर ठेवले. चाचांनी ते मोजले, गल्ल्यात टाकले, आकड्याने झगा खाली काढला, झटकला आणि घडी करून माझ्या हातात दिला.

“फिटले सगळे,” म्हणाले.